चाळीस सरकारी मासे

दगडझरीत माणसाचा मान त्याच्या पायातून किती नारू निघाले यावर ठरायचा. अर्जुनराव पाटलांचे सात निघाले होते. राधाकिशनचे चार, म्हणून तो पाटलांच्या मागे चार पावलं ठेवून चालायचा. ज्याचा एकही निघाला नव्हता त्याला चावडीवर कोणी मत विचारत नसे. त्याने आयुष्यात पाहिलंच काय होतं?

नारू म्हणजे दोऱ्यासारखा किडा, हातभर लांब. वर्षभर माणसाच्या अंगात गुपचूप राहतो आणि ऐन पेरणीच्या दिवसांत पायाला फोड आणून बाहेर डोकावतो. ओढला तर तुटतो, तुटला तर पाय सडतो. म्हणून त्याचं टोक काडीला गुंडाळायचं आणि रोज दोन-दोन बोटं बाहेर काढायचं. ज्येष्ठात निम्मं गाव पायाला काडी बांधून बसलेलं असायचं. पेरणी राहायची, पण काड्या कधी कमी पडल्या नाहीत.

फोडाची आग फार. तिच्यावर गावाने उपाय शोधला होता. बारवेच्या खालून तिसऱ्या पायरीवर बसायचं आणि पाय पाण्यात सोडायचे. लगेच गार वाटतं. तिसऱ्या पायरीवर मधली जागा पाटलांची, कारण बारव त्यांच्या खापरपणजोबांनी बांधलेली. त्यांच्या डाव्या-उजव्या अंगाला मानाप्रमाणे बाकीचे पाय. आणि पायांच्या बाजूलाच बायका पिण्याचे हंडे भरायच्या. नारू त्या पाण्यात आपली पिल्लं सोडायचा, पाणी हंड्यात जायचं, हंडा घरात जायचा आणि वर्षाने नारू त्याच घरातल्या पायातून परत यायचा. इतका इमानी पाहुणा गावाला दुसरा नव्हता.

तरी पिढ्यान्पिढ्या हे बेताने चाललं होतं. वर्षाला बारा-पंधरा नारू, फार तर वीस. बारवेत तेव्हा बोटाएवढे मासे होते, बेडूक होते, कडेने शेवाळ होतं आणि एक कासव होतं, ज्याचं वय पाटलांच्या घराण्याहून जास्त असावं, पण तसं कोणी बोलत नसे. ही मंडळी पाण्यात दिवसभर काय खातात हे कोणी विचारलं नव्हतं.

मग पाटलांच्या थोरल्याचं लग्न ठरलं. व्याही घाटनांदूरचे, तालेवार.

"शेवाळ पाहून व्याही काय म्हनतील?" पाटील म्हणाले. "बारव अशी दिसली पाहिजे, जशी कालच बांधली."

बारव उपसली. कासव बैलगाडीत घालून ओढ्याला सोडलं. मासे राधाकिशनने आपल्या घरी सोडले, कढईत. बेडकांना काही सांगावं लागलं नाही. पायऱ्या विटेने घासल्या आणि तळाशी सात गोण्या चुना टाकला. नवं पाणी आलं ते असं नितळ, की तळाला सुई पडली तर वरून उचलावीशी वाटावी. व्याही पाहून थक्क झाले. दोन तांबे पाणी प्याले.

वर्षाने व्याह्यांना नारू झाला.

दगडझरीत त्या साली नव्वद निघाले. सात-आठ वर्षांच्या पोरींच्या पायाला काड्या होत्या. गावाने बसून कारण शोधलं. बारवेच्या देवळीतल्या पाण्याच्या देवतांना, साती आसरांना, यंदा नारळ कमी पडले असावेत. नारळ वाढवले. नारळाचं पाणी आसरांच्या अंगावरून बारवेतच जायचं, म्हणजे निदान पाणी तरी गोड झालं.

बातमी युसूफ वडगावच्या बाजारातून वर सरकत सरकत कुठेतरी पोचली, आणि फसली सन तेराशे पस्तीसच्या ज्येष्ठात रहमतुल्ला साहेब गावात आले. निजाम सरकारच्या आरोग्य खात्याचे, हैदराबादेत शिकलेले, डोक्याला तुर्की टोपी, बरोबर एक पितळी नळकांडं आणि दोन हंडे. हंड्यांवर ओलं फडकं बांधलेलं.

साहेबांनी बारवेचं थेंबभर पाणी काचेवर घेतलं, काच नळकांड्याखाली ठेवली आणि पाटलांना एक डोळा मिटून बघायला सांगितलं. पाटलांनी बघितलं आणि मागे सरले.

"ही पिसू," साहेब म्हणाले. "पाण्यातली. नारूचा बच्चा हिच्या पोटात जातो. तुमी पाणी पिता, पिसू तुमच्या पोटात जाते. समझे?"

"साहेब, हे जनावर तुमच्या नळकांड्यात हाय," पाटील म्हणाले. "आमच्या पान्यात कुटं दिसतं?"

"पाटील, ते पाणी तुमचंच."

"पानी आमचं. जनावर नळकांड्याचं."

साहेबांनी एक लांब श्वास घेतला. हा श्वास त्यांना प्रत्येक गावात घ्यावा लागत असणार, कारण तो चांगला सरावाचा होता. मग त्यांनी हंड्यांवरचं फडकं काढलं. आत मासे होते. चंदेरी, तळहाताएवढे, चाळीस.

"ये मछली पिसू खाते. पिसू नाही, तर नारू नाही. तुमच्या बारवेत पहिले मासे नव्हते का?"

सगळ्यांनी राधाकिशनकडे पाहिलं. राधाकिशनने व्याह्यांच्या गावाकडे पाहिलं.

साहेब पक्के कामाचे. कोणी मासे बदलू नयेत म्हणून त्यांनी कात्रीने एकेकाच्या शेपटीला छोटी खाच मारली, तसं कागदावर लिहिलं आणि मग चाळीसही पाण्यात सोडले. राहिला राखणदाराचा प्रश्न.

"असा आदमी द्या," ते म्हणाले, "ज्याला आजपर्यंत एकही नारू झालेला नाही."

"गावात असा कोनी न्हाई, साहेब," पाटील अभिमानाने म्हणाले.

"आणि गावाबाहेर?"

गावकुसाबाहेर बावीस घरं होती आणि त्यांत एकालाही कधी नारू झाला नव्हता. साहेब चकित झाले. किती स्वच्छ लोक असतील, असं त्यांना वाटलं. खरी गोष्ट अशी की त्या बावीस घरांना बारवेच्या पायरीला पाय लावायची मनाई होती. ते ओढ्याच्या वाळूत झिरा खणून वाटी-वाटीने पाणी भरत, आणि वाळूतून गाळून आलेल्या पाण्यात पिसू नसते. म्हणजे गावाने आपला नारू पिढ्यान्पिढ्या जपून ठेवला होता आणि त्यातला वाटा बाहेर कोणाला दिला नव्हता.

हे साहेबांना कोणी सांगितलं नाही. सांगायला वेळ लागला असता आणि जेवणाची वेळ झाली होती.

बावीस घरांतून मुंजाजी निवडला गेला. चाळिशीचा, वाळका, मांजरा नदीवर मासे धरण्यात वाकबगार. साहेबांनी त्याच्या छातीवर स्वतःच्या हाताने पितळी बिल्ला लावला.

"ये चाळीस मछली तुझी अमानत. पुढच्या साली येऊन मोजीन. एक जरी कम भरली, तर सहा महिने हवालात."

"हुजूर, पन..." म्हणून मुंजाजीने पाटलांकडे पाहिलं. पाटील नेमके तेव्हाच आकाशात एक घार न्याहाळत होते.

साहेबांचा छकडा दिसेनासा झाला तशी चावडी भरली. मोठा पेच होता. सरकारचा हुकूम मोडता येत नाही आणि मुंजाजीला पायरी उतरू देता येत नाही. दोन तास खल होऊन निकाल लागला. मुंजाजीने राखण वरून करावी. पायरी उतरू नये. शिवाय त्याची सावली पाण्यात पडू नये, म्हणून त्याने सकाळी पश्चिमेच्या काठावर बसावं आणि दुपारनंतर पूर्वेच्या. मुंजाजीने हिशोब केला. उन्हाळा असो की हिवाळा, सूर्य दिवसभर त्याच्या डोळ्यांत राहणार होता.

"सोय झाली का न्हाई तुजी?" पाटलांनी विचारलं.

"झाली, मालक. लई उजेड हाय."

पहिला महिना बरा गेला. मासे फिरायचे, पाण्यात तोंडं मारायचे, जाड व्हायचे. मुंजाजी डोळ्यांवर हात धरून ते पाहायचा. कोण भित्रा, कोण भांडखोर, कोण आसरांच्या देवळीखालीच पडून राहतो, सगळं त्याला पाठ झालं. मग एका बुधवारी राधाकिशन टोपली घेऊन पायऱ्या उतरला.

"राधाकिसनराव, ते सरकारी हायत!" मुंजाजी वरून ओरडला.

"मंग मी काय बेसरकारी हाय का बे?"

"सोडा तो मासा पान्यात. म्या राखनदार हाय."

"हाईस ना? मंग ये खाली आन् हिसकावून घे."

मुंजाजी कठड्यावर बसल्या जागी उभा राहिला आणि उभ्या जागी परत बसला. राधाकिशन दोन मासे घेऊन गेला. संध्याकाळी मुंजाजीने पाटलांच्या दारासमोर, अंतर ठेवून, तक्रार मांडली.

"मालक, मासे चाललेत."

"कुटं?"

"कढईत."

"मंग रस्ता काय चुकले न्हाईत," पाटील म्हणाले. "आमच्या बारवंत पडलं ते आमचं. तू राखन कर."

मुंजाजीचा भाऊ एकदा कोणाच्या तरी चोरलेल्या बैलापायी तीन महिने हवालातीत होता. बैल त्याने पाहिलाही नव्हता. गेला तेव्हा तो भजनात सगळ्यात मोठ्याने गायचा. आला तेव्हापासून त्याला नावाने हाक मारली तरी तो दचकायचा. त्याचे तीन महिने होते. मुंजाजीचे सहा होणार होते.

दुसऱ्या दिवशी उजाडायच्या बेताला मुंजाजी कोसभर चालून मांजरेवर गेला, दोन मासे धरले, मडक्यात घालून आणले आणि पश्चिमेच्या काठावरून बारवेत टाकले. आधी एक, मग दुसरा. पायरी उतरायला मनाई होती. वरून काही टाकायला मनाई आहे असं चावडीत कोणी म्हटलं नव्हतं. कोणाच्या डोक्यातच ते आलं नव्हतं.

असं वर्ष चाललं. राधाकिशनने दोन नेले की मुंजाजीने दोन टाकावे. राधाकिशन नेमके मोठे बघून न्यायचा, आणि मोठे ते सरकारी, आधी आलेले. सणाला पाच गेले, पाच आले. पाटलांकडे कोणी पाहुणा आला की मुंजाजीला मांजरेवर जावं लागे. पाहुण्याचं नाव त्याला कधी कळलं नाही, पण भूक किती होती ते बरोबर कळायचं. बारवेत मात्र कधीही चाळीसच मासे.

पुढच्या ज्येष्ठात गावात नऊ नारू निघाले. नव्वदाचे नऊ. तिसऱ्या पायरीवर जागाच जागा झाली. पाटील मधोमध एकटेच बसायचे, सवयीने, पाय पाण्यात सोडून. त्यांच्या पायाला यंदा काहीच झालं नव्हतं आणि त्याचं त्यांना थोडं वाईटही वाटत होतं.

आषाढातल्या एका गुरुवारी सकाळी निरोप आला. रहमतुल्ला साहेब दुपारी पोचतात. मासे मोजणार.

"साहेबाला मासळी लई आवडती म्हनं," पाटील म्हणाले. "इज्जतीचा सवाल हाय. चांगली जाडजूड बघून आन."

राधाकिशनने आणली. अकरा. उरलेसुरले खाचेचे सगळे, आसरांच्या देवळीखाली पडून राहणारासुद्धा. मुंजाजी वरून घसा फुटेस्तोवर ओरडत होता.

"आरं आज मोजनार हायत! आज तरी नका नेऊ!"

"आरं त्यांच्यासाटीच नेतोय!" राधाकिशन खालून म्हणाला. त्याला खरोखरच कळत नव्हतं की यात ओरडण्यासारखं काय आहे.

मासे आमिनाबीकडे पोचले. आमिनाबी गावातल्या एकुलत्या एका पिंजाऱ्याची बायको. साहेब लोकांचा स्वयंपाक तिच्याचकडे असायचा. तिने टोपली उघडली, शेपट्या पाहिल्या, आणि थोडा वेळ नुसती पाहत राहिली. मग चूल पेटवली.

तोवर मुंजाजी मांजरेच्या वाटेवर धावत होता. बिल्ला छातीवर आपटत होता. नदीला गढूळ पाणी होतं, मासे हाताला लागेनात. एक लागला, तीन लागले, सात. अकरावा कमरेएवढ्या पाण्यात शिरून, झाडाच्या मुळातून ओढून काढावा लागला.

परतला तेव्हा साहेब पाटलांच्या ओसरीवर जेवायला बसले होते. बारवेवर चिटपाखरू नव्हतं. मुंजाजीने मडकं कठड्यावर टेकवलं आणि एकेक मासा खाली सोडायला लागला. घाईत होता. दहा पाण्यात गेले. अकरावा निसटला आणि तिसऱ्या पायरीवर पडला, मधोमध, पाटलांच्या जागेवर.

मासा तिथे तडफडू लागला. पाण्यापासून वीतभर अंतर. मुंजाजीपासून सोळा पायऱ्या.

त्याने काठी खाली घातली, पुरेना. मडक्यातलं उरलेलं पाणी माशावर ओतलं. मासा जरा हलला आणि पाण्यापासून आणखी दूर सरकला. मुंजाजीने एक पाय वरच्या पहिल्या पायरीकडे नेला. हवेतच ठेवला. खाली उतरलं तर गाव मारणार, नाही उतरलं तर हवालात. तो पाय हवेत तसाच होता तेव्हा मागून आवाज आला.

"बाजूला सर."

वच्छलाबाई होत्या, पाटलीणबाई. हातात आसरांच्या पूजेचं ताट. त्या कधी आल्या, किती पाहिलं, काही कळायला मार्ग नव्हता. मुंजाजी दहा हात मागे सरला. त्या सोळा पायऱ्या उतरल्या, मासा मुठीत धरला आणि पाण्यात सोडला. पदराला हात पुसला. मग आसरांना हळद-कुंकू वाहिलं आणि वर आल्या.

"बाईसाहेब..."

"वरीसभर बगतेय," वच्छलाबाई चालता चालता म्हणाल्या. "सकाळी दिवा लावायला येते न्हवं का मी. दरसाल दोन काड्या असायच्या माज्या पायाला. यंदा न्हाई. म्या कायबी पाहिलं न्हाई."

ओसरीवर साहेब तिसऱ्यांदा वाढून घेत होते. एक शेपटी बोटांत धरून त्यांनी वर केली.

"वाह आमिनाबी! शेपटीला काय नक्षी काढलीस! हैदराबादेत असा हात नाही."

"म्या न्हाई काढली, साहेब," दाराआडून आवाज आला. "तशाच आल्या."

साहेब हसले. किती विनय, म्हणाले.

मग सगळं गाव बारवेवर जमलं. पाटलांनी आधीच राधाकिशनच्या कानात सांगून ठेवलं होतं, कमी भरले की मुंज्याकडे बोट दाखवायचं, बिल्ला त्याच्याच छातीवर हाय. राधाकिशन आणि आणखी दोघांनी धोतराच्या झोळीने पाणी चाळलं. मासे घंगाळात पडू लागले. साहेब मोठ्याने मोजत होते. दहा झाले, वीस झाले. मुंजाजी लांब पूर्वेच्या काठावर ओठ हलवत तेच आकडे म्हणत होता. एकोणचाळीस. झोळी रिकामी आली. पुन्हा घातली. रिकामी. तिसऱ्यांदा घातली तेव्हा तिच्यात मुळातून ओढलेला तो एक सापडला.

"चालीस! शाबास मुंजाजी!"

पाटलांचं तोंड उघडं पडलं. त्यांनी राधाकिशनकडे पाहिलं. राधाकिशन आपल्या पोटाकडे पाहत होता.

साहेबांनी कौतुकाने एक मासा उचलला. शेपटी उलटीपालटी केली. खाली ठेवला, दुसरा उचलला. मग तिसरा. सगळ्या शेपट्या अखंड.

"खाच किधर है?"

तेवढ्यात साहेबांना ढेकर आला. तो अर्धा आला आणि तिथेच थांबला. साहेबांचे डोळे हळूहळू मोठे झाले. त्यांनी आपल्या उजव्या हाताच्या बोटांकडे पाहिलं, जिथे मघाशी एक नक्षीदार शेपटी होती.

"मुंजाजी," ते फार हळू म्हणाले, "मेरे मासे कुठे आहेत?"

"एकोनतीस गावानं खाल्ले, हुजूर. अकरा..." मुंजाजी थांबला. "अकरा हुजूरच्या संग आल्यात."

"आणि हे?"

"म्या टाकले. मांजरेतनं आनून. एक गेला की एक."

आता पाटील भडकले. हवालात, साहेब, शेपट्या, सगळं विसरले.

"तू टाकले? तुज्या हातानं? आमच्या बारवंत? आन् आमी वरीसभर हे पानी प्यालो?" त्यांनी बाजूला थुंकायला सुरुवात केली, पण वर्षभराचं पाणी असं थुंकून संपणार नव्हतं. "राधाकिसन, बारव उपस! चुना आन! धा गोन्या!"

"आना," बायकांच्या घोळक्यातून वच्छलाबाई म्हणाल्या.

पाटील वळले.

"आना की चुना. मागल्या बारीला सात गोन्या टाकल्या तर नव्वद निघाले. धा टाकून बगा. आन् येक सांगते, त्यातला येक मासा मघाशी म्या मुठीत धरून सोडलाय. मंग घरी जाऊन भाकरी थापल्या. तुमी जेवलात दोन, ठेच्यासंग. आता मलाबी चुन्यात घालता का सोताला घालून घेता, ते ठरवा चावडीत बसून."

कोणीतरी हसलं आणि लगेच खोकलं. पाटलांचा हात नकळत आपल्या पोटावर गेला. साहेबांचा आधीच तिथे होता. बारवेभोवती त्या क्षणी दोनच माणसं होती ज्यांना काय करावं कळत नव्हतं, आणि दोघंही अधिकारी.

आधी साहेब सावरले. खरं लिहावं तर मोजणाऱ्या साहेबाने सरकारी मासे खाल्ले असं लिहावं लागतं, आणि तसा रकाना कोणत्याही कागदात नसतो. खोटं लिहून मुंजाजीला हवालातीत घालावं, तर ज्या माणसाने वर्षभर बारव वाचवली तोच आत जातो. साहेब खाऊन चुकले होते, पण वाईट माणूस नव्हते. त्यांनी दौत मागवली, कागद मांडीवर घेतला आणि उर्दूत लिहायला लागले. लिहून झाल्यावर मोठ्याने समजावून सांगितलं.

"मासे चाळीसच्या चाळीस हाजिर. जातीने तपासणी केली, बाहेरून आणि आतून. या बारवेचं पाणी इतकं उमदा आहे, की माशांच्या शेपटीच्या खाचा वर्षभरात भरून आल्या."

मग ही गोष्ट पाटलांच्या ध्यानात यायला लागली. हेच ते सरकारी मासे असतील, तर मुंजाजीने काहीच टाकलं नाही. मुंजाजीने टाकलं नाही, तर कोणी काही बाटलेलं प्यालं नाही. भाकरीही शुद्ध राहिली.

"मुंज्या," पाटलांनी विचारलं, "तू बारवंत काय टाकलंस?"

मुंजाजीने साहेबांकडे पाहिलं. साहेब कागद वाळवत फुंकर मारत होते.

"कायबी न्हाई, मालक."

"वरीसभर काय केलंस मंग?"

"बसलो."

"ऐकलं ना सगळ्यांनी?" पाटील म्हणाले. "नुसता बसला हुता." आणि गावाने सुटकेचा श्वास सोडला.

कागदाची एक नक्कल बारवेच्या भिंतीवर डकवली गेली. तिथूनच पुढचा घोळ सुरू झाला. खाच भरून काढणारं पाणी, ही बातमी युसूफ वडगावच्या बाजारात गेली आणि तिथून बैलगाड्या घेऊन परत आली. घाटनांदूरचे व्याही स्वतः आले, पायाला काडी लावून. पार चकलांब्याकडून माणसं आली. कोणाचा फोड, कोणाची चिरलेली टाच, एकाचा तुटलेला कान. सगळे पायऱ्या उतरून जखमा पाण्यात बुडवायला लागले. वरून हळद टाकायचे, तेल सोडायचे. चौथ्या दिवशी तीन मासे पोट वर करून तरंगले. पाण्यावर तेलाचा तवंग आला.

मुंजाजीच्या छातीवर बिल्ला अजून होता, आणि साहेब पुढच्या साली पुन्हा मोजायला येणार होते. मेलेले मासे बदलता आले असते. पण या पाण्यात नवे टाकले तरी जगणार नव्हते.

तो आमिनाबीच्या दाराशी गेला. गावात उर्दू वाचणारी ती एकटीच.

"आमिनाबी, भिंतीवरच्या कागदात काय लिवलंय?"

"तुला सांगितलं न्हवं का साहेबानं."

"तेवडंच? समदं वाचलंत तुमी?"

आमिनाबीने त्याच्याकडे पाहिलं. त्या गुरुवारपासून तिने घरात मासा शिजवला नव्हता. तिने ओढणी डोक्यावर घेतली आणि सगळ्या गर्दीदेखत भिंतीसमोर जाऊन उभी राहिली. कागदात सात ओळी होत्या. तिने सात वाचल्या. मग बोट खाली सरकवून आठवी वाचली.

"आन् ह्ये पानी वरूनच ओढून घ्यावं. पायरी उतरून जो पाय बुडवील, त्याच्या पायाची खाच वाढत जाईल. ब-हुकूम सरकार."

बोटाखाली भिंतीचा चुना होता. पण तिच्याशिवाय ते कोणाला कळणार होतं?

"समद्यांसाटी हाय का ह्ये?" पाटलांनी विचारलं.

"सरकारनं कुनाचं नाव वगळलेलं दिसत न्हाई," आमिनाबी म्हणाली.

आठ दिवसांत काठावर रहाट बसला. तेव्हापासून दगडझरीत पाणी वरून ओढतात. व्याही कठड्याशी उभे राहून पायावर तांब्याने पाणी ओतून घेतात, पाटीलही तिथेच, उन्हात डोळे बारीक करून. ज्याला पायरी उतरायची मनाई नाही, असा माणूस आता गावात उरलेला नाही. मुंजाजी सकाळी पश्चिमेला बसतो आणि दुपारी पूर्वेला. सावलीचा हुकूम अजून कोणी मागे घेतलेला नाही, आणि त्याच्या बावीस घरांचं पाणी अजून ओढ्याच्या झिऱ्याचंच आहे. तसा हुकूम आमिनाबीने अद्याप वाचलेला नाही, पण कागदाखाली भिंतीला भरपूर जागा आहे.

परवा वच्छलाबाई वरूनच आसरांना हात जोडत होत्या. तिसऱ्या पायरीवर शेवाळ आलंय. मधोमध, पाटलांच्या जागेवर, एक बेडूक बसला होता. पाय पाण्यात सोडून.